धाऊला सिक्स कुणी मारला?

आमच्या शेजारच्या मकसूदभाईंना घरात कुणी बोलू देत नाही, म्हणून ते मैदानात बोलतात, ही बातमी भिसेगावात मीच पसरवली. कमरजहाँभाभींनी ती अजून खोडून काढलेली नाही. एरवी भाईंचं चपलांचं दुकान. पण भातकापणी होऊन शेतं मोकळी झाली, टेनिस क्रिकेटचे सामने लागले, की कर्जत-खालापुरातल्या मांडवात समालोचनाचा माइक त्यांच्याच हातात.

आमचा मुलूखच असा आहे की साध्या माणसाला ते काम झेपायचं नाही. एकीकडे घाट छातीवर उभा, दुसरीकडे खाडीकडे उतरत गेलेली भातखाचरं. खाली आगरी, पायथ्याला कुणबी-मराठे, डोंगरातल्या वाड्यांवर ठाकर आणि कातकरी, घाट उतरून नोकरीला आलेले देशावरचे, आणि मकसूदभाईंसारखे, ज्यांचे पणजोबा किनाऱ्यावरून व्यापाराला आले ते इथलेच झाले. ओढा ओलांडला की बोली बदलते. भाईंची खुबी ही, की खेळाडू ज्या गावचा, त्याचा चौकार त्याच गावच्या बोलीत. आपल्या वाडीचं बोलणं भोंग्यावरून ऐकलं की कडेला बसलेली म्हातारी माणसंही सावरून बसतात.

यंदा लोधिवलीला फायनल लागली ती भिसेगाव आणि ठाकुरवाडीची. ठाकुरवाडी पहिल्यांदाच एवढी वर आलेली. आणि भिसेगावकडून खेळणार आमिर, म्हणजे भाईंचा मुलगा. ठाकुरवाडीचा कप्तान धाऊ सरळ मांडवात शिरला.

"काका, तुमी लय गोड बोलता. पन पोरगा तुमचा हाय. त्याची एकदा जरी तारीफ केली, तर माइक खाली ठेवायचा. पुन्हा या मैदानात उचलायचा नाय."

"कबूल रं," भाई म्हणाले. "त्याचं नावसुदा घेनार नाय."

मी शेजारीच भजी खात होतो. म्हटलं, "भाई, तुम्हाला बोलल्याशिवाय जेवण पचत नाही. हे जमायचं कसं?"

"तू भजी खा."

ठाकुरवाडीची बॅटिंग भाईंनी अशी रंगवली की वाडीच्या बायका उठून नाचल्या. मग आमिर आला आणि भोंगा एकदम सरकारी झाला. "एक धाव." "दोन धावा." "चार." स्टेशनवरची घोषणासुद्धा याहून मायेची असते. कमरजहाँभाभी मला म्हणाल्या, "बघा, पोराला उधारीवालं गिऱ्हाईक समजतायत!"

शेवटची ओव्हर धाऊची. भिसेगावला हव्या होत्या दहा. पहिलाच चेंडू आमिरनं उचलला तो थेट ओढ्यापलीकडे, बांबूच्या बेटात.

"सहा," भोंगा म्हणाला.

मैदानात टाळी नाही. शिट्टी नाही, काही नाही. धाऊ कमरेवर हात ठेवून उभा राहिला, आणि तरातरा मांडवात आला.

"काका, सहा म्हंजे काय? मला सिक्स बसला तो काय भुतानं मारला? वाडीतली मानसं इचारतील ना! नाव सांगा मारनाऱ्याचं!"

"शब्द दिलाय रं."

"मंग ठेवा खाली नंतर. आदी सांगा."

भाईंनी घसा खाकरला. "हा आमिर. भिसेगावचा, कमरजहाँचा मुलगा. धाऊला डोक्यावरून मारायला या दोन तालुक्यांत आजवर कुणाची छाती झाली नव्हती. माझ्या पोराची झाली!"

एवढं बोलून त्यांनी माइक टेबलावर ठेवला आणि घडीच्या खुर्चीत हाताची घडी घालून बसले. माणूस हट्टी, मी सांगतो ना.

पुढच्या चेंडूला आमिरचा मधला स्टंप कोलांट्या खात किपरपर्यंत गेला. पाठोपाठ आमच्या उरलेल्या दोन विकेटही गेल्या. ठाकुरवाडी जिंकली! ढोल वाजला, आणि भोंगा मात्र मुका.

धाऊ धावत आला. पोरांनी खांद्यावर घेतलेला, तो उडी मारून सुटलेला.

"उचला, काका! पोराचं सांगितलंत, आता आमचं कोन सांगनार?"

"तूच बोलला होतास, पुन्हा उचलायचा नाय."

"मी बोललो, मीच मोडतो. उचला!"

भाईंनी उचलला. आणि धाऊचा तो चेंडू त्यांनी ठाकुरवाडीच्या बोलीत असा सांगितला, की बाद झालेला आमिरसुद्धा टाळ्या वाजवत होता. मी पक्का भिसेगावचा. पण शिट्टी मारलीच.