भेगेवरची काच

साइटवर सगळे तिला ‘काचवाल्या बाई’ म्हणत. होती ती चांगली बारा वर्षं मुरलेली इंजिनिअर, पण लोकांना तिच्या हातातली काचच दिसायची.

शेजारच्या प्लॉटवर उंच इमारतीचा पाया खणताना एका श्रीमंत घराच्या बंगल्याला, जिन्याजवळ, भेग गेली. तिने भेगेवर काचेची पट्टी आडवी बसवली. भिंत हलली की काच फुटणार, असा साधा हिशेब. रोज सकाळी दहाला ती जाऊन पाहायची आणि वहीत ‘शाबूत’ लिहायची.

बंगल्यातला धाकटा, तिशीतला मुलगा शेजारी टॉर्च धरून उभा राही. भर उजेडात टॉर्च कशाला, हे दोघांनीही कधी विचारलं नाही.

तीन महिने काच टिकली की फेऱ्या बंद, असा नियम. शेवटच्या आठवड्यात काच फुटावी असं तिच्या मनात दहादा आलं. आणि खरंच फुटली. तिने तासाभरात खोदकाम थांबवलं, चार दिवस मशिनं उभी राहिली. तपासणीत निघालं की भिंत केसभरही हलली नव्हती.

“माझ्या मुलावर डोळा आहे हिचा,” मालकीणबाई सगळ्यांसमोर म्हणाल्या. “येणं बंद होईल म्हणून हिनंच फोडली.”

तिची मान खाली गेली. हात लावला नव्हता, पण मनातलं बाईंनी नेमकं पकडलं होतं. तिच्या साहेबांनी ती खाली गेलेली मान म्हणजे कबुलीच धरली आणि दुसऱ्या दिवशी चौकशी ठेवली.

संध्याकाळी मुलगा साइट ऑफिसात आला. “काच मी फोडली. तुम्ही येत राहावं म्हणून.”

तिला आनंद झाला. खोटं कशाला सांगा, डोळे भरून आले.

“उद्या एवढंच सांगा,” ती म्हणाली.

“आईला काय वाटेल? आणि तुमची नोकरी गेली तर जाऊ दे ना. आपण लग्न करू.”

रात्रभर तिने त्याच्या बाजूने विचार केला. घाबरला असेल, ऐनवेळी बोलेल, अशी स्वतःची समजूत घातली.

चौकशीला मायलेकही हजर होते. ती मान वर करून म्हणाली, “मी फोडली नाही.”

“मग कोणी?”

तिने त्याच्याकडे पाहिलं, वाट पाहिली. शेवटी म्हणाली, “यांनी.”

तो आईकडे पाहत हसला. “मी कशाला फोडीन?”