आठ तासांची घोरपड

मोबाईलवरच्या त्या खेळात माझ्याकडे एक प्राणी होता. त्याचं खरं नाव माझ्या तोंडात कधी बसलं नाही, म्हणून मी त्याला घोरपड म्हणायचे. मुलगा वैतागायचा. "आई, ती घोरपड नाय, तिला पंख हायत." असू देत पंख, मी म्हणायचे, थोबाड तर घोरपडीचंच आहे ना!

खेळ त्यानंच शिकवला. ज्या वर्षी कॉलेजं बंद होती आणि तो घरात बसून बसून किरकिरा झाला होता, त्या वर्षी. रस्त्यानं चालायचं, फोनमध्ये प्राणी दिसले की पकडायचे, खाऊ घालून वाढवायचे. देऊळ, पूल, एसटी स्टँड अशा खऱ्या जागांवर मोठे राक्षस येऊन बसायचे, ते दोघा-तिघांनी मिळून पाडायचे. पोलादपुरात तेव्हा खेळणारे आम्ही तिघंच: मी, मुलगा आणि स्टँडसमोरचा मेडिकलवाला. दर बुधवारी संध्याकाळी सहा ते सात स्टँडवर मोठा राक्षस यायचा आणि आम्ही तिघं फलाटाच्या टोकाला उभे राहून फोनवर बोटं बडवायचो. लोक बघायचे. चाळिशीची बाई, पोराबरोबर, फोनवर! बघू देत.

राक्षस पाडायचा तर घोरपडीला अवतार द्यावा लागायचा. बटण दाबलं की ती दुप्पट व्हायची, शिंगं फुटायची, आणि तिच्या बाजूनं लढणाऱ्या सगळ्यांचाच मार वाढायचा. पण फक्त आठ तास. आठ तास झाले की पुन्हा होती तशी, आणि मग काही दिवस विश्रांती. विश्रांती पुरी होऊ दिली तर पुढचा अवतार फुकट. घाई केली तर साठवलेली शक्ती जाते आणि ती परत मिळवायला पुन्हा राक्षसांच्या मागे लागा. शिवाय एका वेळी एकच अवतार. दुसऱ्याला दिला की पहिल्याचा उतरला.

मुलगा उधळ्या. सकाळी दात घासताना अवतार देणार आणि दुपारपर्यंत लोळणार. मला ते बघवायचं नाही. माझा हिशोब पक्का होता: विश्रांती पुरी झाल्याशिवाय हात लावायचा नाही, राक्षस येणार असेल तेव्हाच द्यायचा, आणि दिलाच आहे तर उरलेल्या वेळात तिच्याच जातीचे प्राणी पकडून घ्यायचे, कारण तेव्हा त्यांचा खाऊ जास्त मिळतो. मुलगा म्हणायचा, "आई, तू खेळतेस का रेशन वाटतेस?"

मी महाडजवळच्या औद्योगिक वसाहतीतल्या एका औषध कंपनीत पॅकिंगला आहे. मुलाचे बाबा लवकर गेले, तेव्हापासून अकरा वर्षं. आत जाताना बांगड्या काढायच्या, डोक्याला टोपी, तोंडाला मास्क, आणि फोन गेटवरच्या लोखंडी कपाटात. चावीचा बिल्ला गळ्यात. खेळ नवा होता तेव्हा एकदा सकाळी सातला गेटवर मी हौसेनं अवतार दिला आणि मग कपाट बंद केलं. तीनला बाहेर आले तर तो संपायला दोन मिनिटं उरलेली. घोरपड आठ तास शिंगं फुगवून त्या अंधाऱ्या खणात बसून होती. मी आत, ती गेटवर, दोघी कोंडलेल्या. तेव्हा हसले होते मी.

आत एक नियम आहे, तो नवीन माणसाला पहिल्या दिवशी कळतो. तुमची जागा घ्यायला रिलीव्हर आल्याशिवाय तुम्ही लाईन सोडायची नाही. तीन वाजू देत नाहीतर सहा. ती नाही आली तर तुम्हाला डबल पाळी. याच्यावर कोणी भांडत नाही, कारण उद्या आपल्यालाही उशीर होणार असतो.

मुलाचं आणि माझं बिनसलं ते या कंपनीवरूनच. सुपरवायझर म्हणाले होते, पोराला प्रॉडक्शनला घेता येईल, फॉर्म भरा. मी भरला. त्याचा फोटो लावला, सहीसुद्धा त्याची मीच केली. त्याला सांगितलं ते फॉर्म गेल्यावर. मला वाटलं खूश होईल. तो म्हणाला, "तुला कोंडून घ्यायची सवय लागलीय म्हणून मला पण कोंडतेस काय? त्या गेटवर मी पाय ठेवणार नाय." माझा पण तोल गेला. म्हटलं, जा मग मुंबईला, बघते किती दिवस टिकतोस ते. तो दुसऱ्या दिवशी पहाटेच्या गाडीनं गेला. घणसोलीला मित्रांबरोबर राहायला लागला हे मला दुसऱ्यांकडून कळलं.

सात महिने ना त्याचा फोन, ना माझा. मी का करू? आई मी आहे. आणि रोज रात्री झोपताना वाटायचं, उद्या करू.

पण खेळात तो होता. त्या खेळात मित्राला रोज एक भेट पाठवता येते, आणि ती उघडली की ज्या जागेवरून उचलली त्या जागेचा फोटो दिसतो. तो रोज पाठवायचा. मी रोज उघडायचे आणि माझी पाठवायचे. एक शब्द नाही, नुसत्या जागा. बागेतला घसरगुंडीचा हत्ती, कुठल्याशा गल्लीतलं गणपतीचं देऊळ, पाण्याची टाकी. त्यावरून मला कळायचं, आज पोरगा कुठून चालत गेला. मी त्याला स्टँड पाठवायचे, पूल पाठवायचे. आमचं घर त्या खेळात नाही, नाहीतर तेही पाठवलं असतं.

मग एका सोमवारी भेट आली ती माणगावची. मंगळवारची महाडच्या तळ्याकाठची. मी पोळी तव्यावर टाकून तशीच बघत राहिले. पोळी करपली. महाडला त्याचा वर्गमित्र राहतो, म्हणजे तिथं उतरलाय. घरी आला नाही याचा राग आला, आणि आलाय म्हणून रडू पण आलं. दुसऱ्या दिवशी बुधवार होता. सहा वाजता तो स्टँडवर येणार हे मला कोणी सांगायची गरज नव्हती.

मी सगळं आखलं. माझी पहिली पाळी, तीनला सुटी, चारला घरी, सहाला स्टँड. घोरपडीची विश्रांती पुरी झालेली. शिवाय बुधवारची भेट उघडली की आमची खेळातली मैत्री सगळ्यात वरच्या पायरीला जाणार होती. त्याचे पुष्कळ गुण मिळतात, आणि त्याच वेळी एक खास अंडं फोडलं तर दुप्पट. म्हणून ठरवलं, भेट आली तरी उघडायची नाही. सहा वाजता, त्याच्या शेजारी उभं राहून, अवतार चालू असताना, अंडं फोडून उघडायची. सगळं एका वेळी वसूल.

तीन वाजले आणि रिलीव्हर आली नाही.

माझी रिलीव्हर नाते गावाहून येते. सव्वातीन, साडेतीन. सुपरवायझर येऊन म्हणाले, "ताई, तिच्या सासूबाई पडल्यात, दवाखान्यात नेलंय. येणार आहे, पण उशीर होईल. तुम्ही थांबा." मी म्हटलं, मला आज जायलाच पाहिजे. ते म्हणाले, "मग लाईन कोण बघणार?" म्हातारी पडली होती, पोरीचा काय दोष. तरी मनात मी तिला जे जे बोलले ते मला अजून आठवतं आणि लाज वाटते. पट्ट्यावरून डब्या येत होत्या, मी खोक्यात भरत होते आणि भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत होते. तिथं खिडकी नाही. बाहेर ऊन आहे का ढग, तेसुद्धा कळत नाही.

सव्वाचारला चहाची सुटी झाली. वहीत सही केली तर दहा मिनिटं गेटवर जाता येतं. मी धावत गेले, वॉचमन एका ट्रकची नोंद करत होता, कपाट उघडलं, फोन हातात घेतला. त्याची भेट येऊन पडली होती, सकाळी नव्हती. माझ्याकडे दहा मिनिटं होती आणि त्याचा नंबर होता. एक फोन केला असता की बाबा रे, अडकलेय, थांब जरा.

मी काय केलं? घोरपडीला अवतार दिला. स्टँडवर नेट रडतं, गर्दीत बटण दाबलं तर फिरतच राहतं, म्हणून आताच देऊन ठेवावा असा विचार केला. सव्वाबारापर्यंत पुरतोय, काही वाया जात नाही. भेटीवर बोट नेलं आणि मागे घेतलं. सहाला उघडायची. फोन परत खणात ठेवला, चावी फिरवली, आत गेले. माझ्या हुशारीवर मी खूशसुद्धा होते.

रिलीव्हर साडेसहाला आली, धापा टाकत. तिला खोकी मोजून दिली आणि पळाले. कंपनीची बस कधीच गेलेली. मेंटेनन्सचा एक जण मोटारसायकलनं पोलादपूरला निघाला होता, त्याच्या मागे बसले. फोन पिशवीत, पिशवी छातीशी. हायवेवर धूळ इतकी की डोळे मिटूनच बसले होते. समोरून एसट्या जात होत्या मुंबईकडे.

स्टँडवर पोचले तेव्हा सव्वासात होऊन गेले होते. फलाटाच्या टोकाला कोणी नव्हतं. मेडिकलवाला दुकानातून म्हणाला, "वहिनी, पावणेसातपर्यंत होता की, मग मुंबईच्या गाडीनं गेला. दोघांनी काय पडला नाय राक्षस. तुमची वाट बघितली त्यानं."

मी फोन काढला. खेळात त्याची तीन बोलावणी पडली होती, लढायला ये म्हणून. सहा वाजून दोन, सहा वीस, सहा एक्केचाळीस. घोरपड शिंगं फुगवून तयार होती. मी भेट उघडली. अंडं फोडायचं राहूनच गेलं.

फोटोत आमच्या कंपनीच्या वळणावरचं मारुतीचं लहानसं देऊळ होतं. गेटपासून हाकेच्या अंतरावरचं. म्हणजे माझी पाळी सुटायच्या वेळी, तीनला, तो गेटवर आला होता. जिथं पाय ठेवणार नाय म्हणाला होता, तिथं. आणि सव्वाचारला ते माझ्या हातात होतं.

मग मी फोन लावला. तिथंच बाकावर बसून.

"आई?"

"गेटवर आला होतास?"

"तीनला. तू बाहेर आली नायस. वॉचमनला म्हटलं आत निरोप द्या, तर म्हणाला शिफ्टमध्ये निरोप जात नाय. अर्धा तास थांबलो. मला वाटलं, मला बघून आतच बसलीस."

"रिलीव्हर आली नव्हती रे." मी म्हटलं. "चारला फोन होता माझ्या हातात. तुझी भेट बघितली. उघडली नाय."

"का?"

"अंड्याबरोबर उघडणार होते."

त्याच्या मागे कंडक्टरचा आवाज येत होता. मला वाटलं, ठेवेल आता. सात महिने जे उद्यावर टाकत होते ते मी बोलून टाकलं. "तो फॉर्म मी तुला न विचारता भरला. चुकलं माझं. तू आत नाय आलास ते बरं केलंस."

"आई," तो म्हणाला, "गाडी महाड स्टँडला लागलीय. दहा मिनिटं थांबणार हाय. उतरू?"

"उतर," मी म्हटलं.