बोरीकाठच्या सात जणी

तुळजापूरची एसटी पुण्याहून भल्या सकाळी सुटते, आणि आई त्याच्याही आधी उठून माझी पिशवी भरत बसली होती. खण, नारळ, हिरव्या बांगड्या, हळकुंड, सुपारी आणि फडक्यात बांधलेले गहू. माझे कपडे तिनं बाहेर काढून खुर्चीवर ठेवले होते, का तर ओटीवर वजन पडायला नको. मी कुरकुरले, तर म्हणाली, "मग तुझे कपडे हातात धर."

ओटी होती आसरांची. आसरा म्हणजे पाण्यात राहणाऱ्या सात देवता. आईचं माहेर नळदुर्गच्या खालच्या अंगाला, बोरी नदीच्या काठी. तिथल्या डोहाशी त्यांचे सात धोंडे. लहानपणी धुणं धुताना आई त्या डोहात पडली होती आणि करंजाची मुळी हाताला लागली म्हणून वाचली. आजी म्हणाली, आसरांनी पोर सोडली, लग्न झालं की येऊन ओटी भरील. पण लग्न होऊन आई पुण्याला आली, मग आमची शिक्षणं, आजारपणं, मग मामांनीही गाव सोडलं आणि ओटी राहिली ती राहिलीच. आता आईचे गुडघे तिला जिना उतरू देत नाहीत. दिवाळीपासून तिनं माझ्यामागे धोशा लावला होता.

"धोंड्यांना पाणी लागलेलं असलं पाहिजे," दारात तिनं पुन्हा बजावलं. "कोरड्यात ओटी पोचत नाही. पाणी नसलं तर तसं येऊन सांग. मला बरं वाटावं म्हणून थाप मारू नकोस."

मी देवधर्म करणाऱ्यांतली नाही. पण आई इतकी वर्षं हे मनाशी धरून बसली आहे, पुलावरून बस गेली तरी अजून माझा हात घट्ट पकडते, हे मी पाहत आले आहे. तेव्हा मुकाट्यानं पिशवी मांडीवर घेऊन बसले.

सोलापूर मागे पडलं आणि तामलवाडीपासून रस्त्याच्या दोन्ही बाजूंना ज्वारी लागली. पोटरीत आलेली, थंडीनं तरारलेली. तुळजापूरला बस बदलली. नळदुर्गच्या हमरस्त्यावर ट्रकांच्या रांगेशेजारी उतरले तेव्हा दुपार झाली होती. एवढ्या लांब आलेय तर किल्ला बघू म्हटलं. किल्ला आणि समोरचं रणमंडळ (जोडकिल्ला) यांच्यामध्ये बोरीला दगडी बंधारा घातलाय आणि त्या बंधाऱ्याच्या पोटात पाणी महाल. पावसाळ्यात वरून नर आणि मादी असे दोन धबधबे कोसळतात म्हणे. मी गेले तेव्हा दोघांच्या जागी दगडावर नुसते काळे ओघळ होते. इथं ही गत, तर खाली डोहात काय असणार?

नाक्यावर जळकोटचे एक रिक्षावाले उभे होते, रशीदभाई. गावाचं नाव सांगितलं तर ते हसले. "आज तिथं कुणी भेटणार न्हाय, ताई. आज येळवस (वेळ अमावस्या). अख्खं गाव रानात जेवायला असतंय." कशासाठी चाललेय ते ऐकल्यावर मात्र त्यांनी लगेच रिक्षा सुरू केली. वाटेत म्हणाले, "आमच्यात बी हाय हे. ख्वाजा खिजर (पाण्याचे पीर). अम्मी मलिदा करून नदीवर दिवा सोडायची. अम्मी गेली, मग राहूनच गेलं बगा."

गाव खरंच ओस. दारांना कड्या, पारावर एक कुत्रं. आसरा डोहाशी असतील म्हणून आम्ही नदीकडे वळणार, तोच उंचवट्यावर एक नवं कोरं देऊळ दिसलं. वर फलक: सात आसरा मंदिर. पांढरी फरशी, लोखंडी जाळी, जाळीला कुलूप. आत ओळीनं सात शेंदरी धोंडे, खडखडीत कोरडे. बाहेर पाण्याचा नळ.

मी डोक्याला हात लावला.

तेवढ्यात मोटारसायकलवरून एक चाळिशीचा गडी आला. घरी विसरलेली आंबिलीची बिंदगी (छोटा माठ) न्यायला आला होता. नाव दत्ता, देवळाच्या कमिटीत हाच पुढं. "नदीचं खोलीकरण केलं, मॅडम. जेसीबी डोहापर्यंत आला. धोंडे फुटले असते, म्हणून आमीच हळदकुंकू वाहून वर आणले. चांगलं देऊळ बांधलं." सांगताना त्याच्या तोंडावर खरा आनंद होता, त्यामुळं मला रागावताही येईना. "किल्ली रानात हाय. तुमी असं करा, जाळीतून ओटी सरकवा आन् नळाचं पाणी शिंपडा. चालतंय."

मी खरंच पिशवी उघडली. नळ सोडला. कुणाला कळणार होतं? पाणी लागलं म्हणून सांगितलं असतं, तर ते शब्दशः खरंच ठरलं असतं. पण आईचं तोंड डोळ्यांपुढं आलं आणि मी नळ बंद केला. "राहू दे," म्हटलं, "पाणी नाही असंच सांगते तिला." मला तिथंच रडू फुटलं, आणि दत्ता बिचारा बिंदगी धरून कावराबावरा झाला. "आधी जेवायला चला," म्हणाला. "येळवशीला गावात आलेलं माणूस उपाशी जात न्हाय. तुमी बी चला, भाई."

रानात कडब्याची कोप (खोपी) उभी होती, आत पांडव म्हणून मांडलेले, चुना लावलेले धोंडे. दत्ताच्या आईनं, सोनाबाईंनी, पत्रावळी मांडल्या. तुरीचे, वाटाण्याचे, हरभऱ्याचे ओले दाणे, बोरं, चिंच घालून शिजवलेली भज्जी. बाजरीचे उंडे (उकडलेले गोळे). माठातली थंडगार आंबील (ताकात ज्वारीचं पीठ घालून आंबवलेलं पेय). मी रडून आलेली बाई, पण खाल्लं मात्र दोन माणसांचं. रशीदभाईंनी तर आंबिलीचा तांब्या खाली ठेवलाच नाही.

सोनाबाईंनी विचारलं, कुणाची कोण. मी आईचं माहेरचं नाव सांगितलं.

"डोहात पडलेली व्हय?" त्यांचा हात वाढता वाढता थांबला. "आगं, तिच्या नावानं भेव घालायची की आमची आई, माजं म्हायेर बी हितलंच. तिकडं जाऊ नगं, त्या पोरीवानी डोहात पडशील. मंग तू गावाची भाची हाईस. आन् तुला जाळीतून ओटी भराय लावली?" त्यांनी दत्ताकडं पाहिलं. दत्ता भाकरीत मग्न झाला.

"ऊठ," त्या मला म्हणाल्या. "पिशवी घे."

बांधावरून उतरून आम्ही नदीत आलो. काठ सरळ कापलेले, मुरमाचे ढीग, त्यावर उगवलेल्या कोवळ्या बाभळी. पण पात्रात पाणी होतं. चांगलं लांबवर, आभाळ दिसेल असं. "पोरांनी काम झ्याक केलं, त्याला नाव न्हाय ठिवत म्या," सोनाबाई म्हणाल्या. "हिरींला उन्हाळाभर पाणी ऱ्हातंय. करंज तेवढा गेला." त्यांनी मोकळ्या काठाकडं बोट दाखवलं. तिथंच कुठं तरी आईच्या हाताला मुळी लागली असेल.

पाण्याच्या कडेला, निम्मे बुडालेले, सात धोंडे होते. शेवाळलेले, शेंदराचा जुना थर कोपऱ्यात उरलेला.

"मग देवळात कोण आहेत?" मी विचारलं.

"तिथं बी धोंडेच हायत. आमी बायकांनीच ठिवलेत." सोनाबाई पदरानं तोंड झाकून हसल्या. "आगं, त्या पान्यातल्या बाया. त्यास्नी फरशीवर बसवून कसं चालंल? गेल्या येळवशीला गडी जेवून आडवं झालं, तवा आमी ह्यास्नी पाटीत घालून खाली आणलं. दुसरे सात नीट बगून वर मांडले, शेंदूर लावला. पोरांचं मन बी मोडू ने."

"दत्ताला माहीत आहे?"

"समद्या गावाला ठाव हाय. बोलत कुणी न्हाय."

मी पाण्यात उतरले. गार पाण्यानं घोटे दुखले. सातही जणींना हळदकुंकू लावलं, आईचं नाव घेऊन ओटी भरली. ओटीतले मूठभर गहू सोनाबाईंनी पाण्यातून काढून माझ्या रुमालात बांधले. "ओटी भरणारीला रिकामी धाडत न्हाईत. आईला दे." वर आले तर रशीदभाई थोडं पलीकडं पाण्याशी बसले होते. पत्रावळीवरचा एक उंडा कुस्करून त्यांनी पाण्यात सोडला होता.

मुक्काम तुळजापूरला केला, दर्शन घेतलं आणि एक दिवस रेंगाळून पुण्याची बस धरली. वाटेत मनात येत होतं की नदीवर माया सगळ्यांचीच, दत्ताची जेसीबीनं आणि त्याच्या आईची पाटीनं. दोघांनी एकमेकांना सांभाळून घेतलं म्हणून माझं काम झालं.

घरी आई दारातच खुर्ची टाकून बसली होती. मी सगळं सांगितलं, नळाचंसुद्धा. तिच्या नावानं पोरांना भेव घालतात हे ऐकून ती मनापासून हसली. मग म्हणाली, "पण देवळातले खरे असले तर? बायकांकडून धोंड्यांची अदलाबदल झाली असली तर? कोरड्यात गेली असेल ओटी."

पिशवी रिकामी करताना तो रुमाल हाती आला. मी त्याला विसरलेच होते. अजून दमट होता. आईनं गाठ सोडली. गहू फुगले होते आणि प्रत्येक दाण्याला पांढरा बारीक मोड आला होता.

आई ते दाणे तळहातावर घेऊन कितीतरी वेळ बोटानं सारत राहिली. इतकी वर्षं पुण्यात राहून तिची बोली पार पुणेरी झालेली, पण तेव्हा तोंडातून निघालं ते माहेरचं.

"पानी हाय म्हनायचं." आणि मग, माझा हात न धरता खुर्चीतून उठत, "सोडलं बग मला."