माँट्रियलला आईसोबत पाहिलेला जपानी मूकपट

मी राहते त्या कनाटाहून माँट्रियल गाडीने दोन-सव्वादोन तास. नागपूरहून आलेल्या आईला पानगळीचे रंग दाखवायचे होते आणि मला तिथे एक जुना जपानी मूकपट बघायचा होता, पियानोच्या साथीवर. शिवाय वाटेत नेल्सनचा विषय निवांत काढता येईल, असं वाटलं. नेल्सन वसईचा, आता टोरोंटोत असतो. आम्हाला लग्न करायचं होतं. तो ख्रिश्चन म्हणून घरी साफ नकार होता.

हायवे सरळ आहे. क्यूबेक लागलं की पाट्या फ्रेंचमध्ये. माँट्रियलमध्ये लाल सिग्नलला उजवीकडे वळायचं नाही, हे लक्षात ठेवा. पुतीन म्हणजे चीज आणि ग्रेव्ही घातलेले बटाट्याचे तळलेले काप; शाकाहारी असाल तर ग्रेव्ही कशाची ते आधी विचारा. आम्ही भट्टीतले गरम बेगल, मधे भोक असलेले गोल पाव, घेतले. आईला आवडले. नेल्सनचं नाव काढलं की मात्र ती खिडकीबाहेरचे मेपल बघायला लागायची.

थिएटर छोटं, तिकीट नेहमीच्या सिनेमाइतकंच. पडद्यावरच्या पाट्या मी आईला कुजबुजत मराठीत सांगत होते. एका शिक्षिकेचं छापखान्यातल्या तरुणावर प्रेम असतं. वडील म्हणतात, भावंडांसाठी श्रीमंताघरी लग्न कर. ती करते. शेवटी नवरीच्या वेषात ती वडिलांपुढे वाकते आणि कॅमेरा तिच्या चेहऱ्यावरून हलतच नाही.

"शहाणी पोर," आई म्हणाली.

माझं डोकंच फिरलं. पार्किंगमध्ये मी तिला विचारलं, "तिचा चेहरा बघितलास ना?"

"बघितला. रडतात सगळ्याच पोरी, मग रमतात. तुझ्या अशा लग्नानंतर सोनलला कोण करून घेणार?"

सोनल माझी धाकटी बहीण.

"म्हणजे तिचं होईपर्यंत मी थांबू?"

"थांबू नकोस. सोड त्याला."

घरी पोचल्यावर अंगातला कोटही न काढता मी आईसमोरच नेल्सनला फोन लावला आणि लग्नाची तारीख घ्यायला सांगितली. आईने परतीचं तिकीट अलीकडचं करून घेतलं.

लग्न हिवाळ्यात झालं, जेवण नेल्सनच्या बेसमेंटमध्ये. माझ्या घरचं कुणी नव्हतं.

वसंतात सोनलचं ठरलं. आईने फोनवर सगळं सांगितलं. मुलाकडच्यांनी माझी चौकशी केली, जावई वसईचा ख्रिश्चन म्हटल्यावर "बरं, बरं" म्हणाले आणि जेवायला बसले. सांगताना आई हसत होती.

मला अजून हसू येत नाही.