रक्तवाल्या बाईंचे दोन शब्द

आमच्या इमारतीत तळमजल्यावर रक्त तपासायची लॅब आणि तिच्या डोक्यावर माझं टॅटूचं दुकान. खालीही सुई, वरही सुई. खाली लोक तोंड पाडून येतात, माझ्याकडे हौसेने येतात, एवढाच फरक. मी तीस वर्षं दुकानांच्या पाट्या रंगवल्या. तो धंदा छापील फलकांनी खाल्ला, तेव्हा कातडीवर आलो. लोक अजून पेंटरच म्हणतात.

माझा एक नियम आहे. अक्षरं काढून हवी असतील तर आधी आठ दिवस मी ती त्याच जागी पेनाने लिहून देतो. पुसली की पुन्हा यायचं, पुन्हा लिहून घ्यायची. एका गृहस्थाने बायकोचं नाव छातीवर काढून घेतलं आणि चौथ्याच महिन्यात त्यावर मोर काढून द्या म्हणत आला, तेव्हापासूनचा हा नियम. फूल-पाखराला नियम नाही, ते गप्प बसतं. शब्द मात्र रोज बोलत राहतात. निम्मी गिऱ्हाइकं नियम ऐकून पळतात. पळोत बापडी.

खालच्या लॅबमध्ये रक्त काढणाऱ्या बाईंना सगळे रक्तवाल्या बाई म्हणत. पन्नाशीच्या, ठेंगण्या, बाह्या कोपरापर्यंत दुमडलेल्या. सव्वीस वर्षं एकच काम. दुसरीकडे चार ठिकाणी टोचून घेऊन आलेली माणसं त्यांच्यासमोर बसत आणि त्या बोटाने चाचपून पहिल्या फटक्यात शीर पकडत. सुई शिरायच्या आत म्हणत, "झालं हं, झालं." माझं रक्त काढतानाही तेच म्हणाल्या होत्या आणि मला राग आला होता, कारण काहीच झालेलं नव्हतं. हो, मी सुईला घाबरतो. हसा खुशाल.

गेल्या वर्षी त्यांची एकुलती एक लेक गेली. वीस वर्षांची पोर. रक्ताचा कॅन्सर, एकोणीस दिवसांत सगळं आटोपलं. नवरा कधीच वेगळा झालेला. पंधराव्या दिवशी बाई कामावर हजर. लोक म्हणाले, किती धीराची बाई. असल्या शाबासक्यांची मला चीड येते. घरी बसून ती काय भिंतीशी बोलणार होती?

सात-आठ महिन्यांनी एका दुपारी त्या धाकट्या बहिणीला घेऊन माझ्याकडे आल्या. बहीण शाळेत शिकवते.

"पेंटर, हातावर काही लिहून घ्यायचंय," बाई म्हणाल्या.

"काय लिहायचं?"

उत्तर बहिणीने दिलं. "मन मोडतं आणि माणूस त्यातून सावरतो, असं काहीतरी. आधाराचं." तिने फोनवर अशा वाक्यांची ही लांबलचक यादी करून आणली होती. प्रत्येक वाक्य वाचून ती ताईच्या तोंडाकडे बघायची. बाईंनी डावा हात उलटा करून टेबलावर ठेवला. म्हणाल्या, "इथे. रक्त काढताना पेशंट सुईकडे बघत नाही, माझ्या हाताकडे बघतो. त्यालाही वाचता येईल."

बहिणीच्या यादीतलं 'तुटलेलं मन पुन्हा जुळतं' हे वाक्य मी लिहून दिलं. तिसऱ्या दिवशी बाई वर आल्या त्या हसतच. एका आजोबांनी चष्मा वर करून ते मोठ्याने वाचलं होतं आणि विचारलं होतं, "किती दिवसांत जुळतं हो? माझं खुब्याचं हाड वर्ष झालं तरी जुळेना." लेक गेल्यावर मी त्यांना पहिल्यांदाच हसताना पाहिलं. वाक्य तिथेच बाद झालं.

मग त्यांनी स्वतः निवडलं, 'सगळं ठीक होईल'. मला आवडलं नाही, पण हात माझा नव्हता. पाचव्या दिवशी त्या बहिणीबरोबर परत आल्या तेव्हा हाताची कातडी सोलवटून लाल झाली होती. स्पिरिटने घासली होती.

"सकाळी एक मुलगी आली होती," त्या म्हणाल्या. "कडेवर तान्हं. हे वाचून म्हणाली, बाई, बरं वाटलं. तासाभराने तिचं रक्त मशीनमधून निघालं. ती ठीक होणार नाही. मला आकड्यांवरून कळतं."

"असं होतंच गं कधी कधी," बहीण म्हणाली. "दुसरं निवडू."

"मला दुसरं नकोय. मला दोनच शब्द हवेत. 'खरं सांग'."

बहीण गोंधळली. मीही. मग बाईंनी जे सांगितलं ते असं.

लेकीच्या पायांवर काळेनिळे डाग दिसले, तेव्हा तिचं रक्त त्यांनीच घरी पलंगाच्या कडेला बसून काढलं होतं. ॲप्रनच्या खिशातून नळी लॅबमध्ये आणली आणि स्वतःच मशीनला लावली. प्लेटलेट अकरा हजार, असायला हव्यात दीड लाखाच्या वर. कुठल्याही डॉक्टरच्या आधी त्यांना समजलं. पोरीला आईबरोबर राहून रिपोर्ट वाचता येत होता, म्हणून त्यांनी लॅबच्याच कागदावर तिच्यासाठी दुसरा रिपोर्ट छापला. हिमोग्लोबिन थोडं कमी, बाकी सगळं नॉर्मल. अशक्तपणाचं निमित्त सांगून तिला दवाखान्यात ठेवलं; तिथले सगळे ओळखीचे. त्यांच्या हातापाया पडून, तिला काही कळू देऊ नका, असं सांगून ठेवलं. पोरगी तो कागद उशीखाली ठेवायची, येणाऱ्या-जाणाऱ्याला दाखवायची.

"सोळाव्या दिवशी तिने तो माझ्यापुढे धरला," बाई म्हणाल्या. "म्हणाली, आई, खरं सांग. मी म्हटलं, रिपोर्टमध्ये आहे ते काय खोटं आहे? आठवड्यात घरी जाशील. तेव्हा ती म्हणाली, मग घरी गेल्यावरच तिला फोन करते. जिवाभावाची एक मैत्रीण होती, वर्षभर दोघींचा अबोला होता. इतक्या दिवसांनी बोलायचं तर दवाखान्यातून नको, म्हणाली. तिला वाटलं वेळ आहे. मी वाटू दिलं."

बहीण उभी राहिली.

"तो कागद मलाही दाखवला होतास," ती म्हणाली. "तो बघून मी परीक्षेच्या कामाला परगावी गेले. ती गेली तेव्हा मी नव्हते. आणि तू मला आत्ता सांगतेस?"

"हो."

"मलाही, ताई?"

बहीण पर्स उचलून निघून गेली. माझ्या दुकानात माणसं सुईने रडतात, ती सवय आहे मला. त्या दिवशी सुई लावलीच नव्हती, तरी मला भयंकर वाटलं. आणि खरं सांगायचं तर बाईंचा रागही आला. त्या पोरीचे शेवटचे दिवस तिचे होते, ते आईने परस्पर वापरून टाकले.

"हे रोज डोळ्यांसमोर राहिलं तर वेड लागेल," मी म्हटलं.

"लागू दे. लिहा."

मी नियम सोडला नाही. सोललेली कातडी भरून आल्यावर पेनाने लिहिलं आणि आठ दिवस लिहीत राहिलो. मनात होतं, याही शब्दांचं खाली काहीतरी बिनसेल आणि त्या नाद सोडतील. बिनसलं नाही. उलट उपाशीपोटी बोलावलेला एक गृहस्थ ते वाचून आपणहून म्हणाला, "बाई, येताना दोन बिस्किटं खाल्लीत." बाईंनी हे मला सांगितलं, पण या वेळी त्या हसल्या नाहीत. धाकटीने फोन उचलणं बंद केलंय, हेही त्याच सुरात सांगितलं.

नवव्या दिवशी दुपारी मी मशीन लावलं. बाईंनी मान वळवली नाही. मीच दोनदा थांबलो. दुसरा शब्द अर्धा झाला असेल, तेव्हा दारात बहीण दिसली. आत आली, भिंतीलगतच्या स्टुलावर बसली. ताईकडे बघितलं नाही, माझ्याशी बोलली नाही. का आली, ते मी विचारलं नाही.

शेवटचा ठिपका देऊन मी हात पुसला. "बघा," म्हटलं.

अक्षरांभोवती लाल सूज होती. बाईंनी हात डोळ्यांजवळ धरला आणि बराच वेळ वाचत बसल्या. दोन शब्द वाचायला इतका वेळ लागत नाही. मग त्या बोलल्या. माझ्याशी नाही, बहिणीशीही नाही. आजारी लेकराच्या उशाशी बसून बोलावं तशा हलक्या आवाजात, त्या अक्षरांकडे बघत.

"तो रिपोर्ट खोटा आहे, बाळा. मी छापलाय. तू घरी येणार नाहीस. तिला आत्ताच फोन कर."