आई कुणाकडे बघते आहे

आश्विनातल्या संध्याकाळी आमच्या रामाकोन्याच्या घरात संत्र्याच्या पानांचा कडवट-गोड वास शिरतो. फळं अजून हिरवी असतात, देठाशी कुठे पिवळेपणाची चाहूल लागलेली असते, आणि अंगणात उतरणारं तिरपं ऊन इतकं मऊ असतं की कॅमेरा मांडून नुसतं तेच टिपत बसावं. त्या उन्हासाठी आणि भुलाबाईच्या गाण्यांसाठी मी कॅनडाहून आले होते. विदर्भातून मध्य प्रदेशात, सौसरकडे आलेल्या घरांतल्या बायकांनी आपलं सासर-माहेर त्या गाण्यांत कसं जपलं, हा माझ्या माहितीपटाचा विषय. निर्मात्यांना मी एवढंच सांगितलं होतं. मला मात्र आई हवी होती. गाताना तिनं एकदा, एकदाच, माझ्याकडे बघावं, एवढ्यासाठी मी समुद्र ओलांडून आले होते.

आई बघायची वहिनीकडे.

सुनंदावहिनी म्हणजे माझ्या धाकट्या भावाची बायको, मोहगावची. मी कॅनडात असताना आईला लकवा मारला आणि तिची वाचा गेली. अंबाडीची भाजी निवडता निवडता वहिनी भुलाबाईच्या गाण्याची एक ओळ म्हणायची आणि थांबायची. आई ओठ हलवत पुढची ओळ शोधायची. आधी गाण्यातले शब्द परतले, मग बोलण्यातले. हे सगळं मी फोनवर पाहिलं, तेही मध्येमध्ये चित्र गोठत असताना. वहिनीचे उपकार मानायला हवे होते. मी जळत होते. आईची वेणी तिनं घालावी, चहा किती कोमट हवा हे तिलाच कळावं, आईच्या डोक्याच्या तेलाचा वास तिच्या हातांना यावा, या असल्या गोष्टींनी माझा अगदी तिळपापड व्हायचा. बायकांच्या दुःखावर चित्रपट काढते म्हणे, आणि भावजयीच्या हातांच्या वासावर डोळा! कुणाला सांगावं तर हसेल.

शेवटी मी वहिनीला काहीतरी निमित्त काढून भावाबरोबर सौसरच्या बाजारात धाडलं. ऊन सुरेख होतं, घर शांत होतं, कॅमेऱ्यामागे मी एकटी होते. आईनं पदर सारखा केला, पहिला शब्द उच्चारला आणि ती थांबली. पुन्हा सुरुवात केली, पुन्हा थांबली. मी तिला तिच्याच ओळी आठवून दिल्या, तरी सूर काही लागेना. मग ती अगदी मायेनं मला म्हणाली, "तिले येऊ दे, बाई. ते समोर बसली का मले गानं येते. तुह्यासमोर मले पाहुनी आल्यावानी वाटते."

पाहुणी. ज्या घरात मी रांगले, तिथे.

दुसऱ्या दिवशी मी वहिनीला कॅमेऱ्यामागे बसवलं, माझ्या जागेवर, भिंगाला अगदी खेटून, आणि स्वतः दाराशी जाऊन उभी राहिले. आई गायला लागली. कुठेही न अडखळता, त्या लंगड्या जिभेनं, एकामागून एक गाणी. आणि तिचे डोळे थेट भिंगात उतरले होते. इतकं आर्जव, इतका विश्वास मी त्या डोळ्यांत कधी पाहिला नव्हता. दोन गाण्यांच्या मध्ये वहिनीनं संकोचून हळूच विचारलं, "ताई, मी दिसून तं नाही राहिली ना?"

"नाही वहिनी," मी म्हटलं, "तुम्ही कुठेच दिसत नाही."

मागच्या हिवाळ्यात टोरोंटोत चित्रपट दाखवला. बाहेर बर्फ पडत होता. पडद्यावर आई गात होती, आणि काळोखात बसलेल्या प्रत्येकाला वाटत होतं की ती आपल्याचकडे बघते आहे. दिवे लागल्यावर एक वयस्कर पंजाबी बाई माझ्याजवळ आली. तिचे डोळे भरून आले होते. माझे दोन्ही हात हातात घेऊन ती म्हणाली, आई तुझ्याकडे किती मायेनं बघते गं, भाग्यवान आहेस.

मला नाही म्हणायचं होतं. मी हो म्हणाले. तिनं मला पोटाशी धरलं, आणि मी धरू दिलं.