आमच्या कुंड्यांची सुनावणी

दिल्लीच्या मयूर विहारातले आम्ही मराठी लोक सुट्टीत पुण्याला जाताना कुंड्या जवळच्या एका रोपवालीच्या नर्सरीत सोडून जातो. यमुनेकाठची ती जमीन वादातली, खटला कोर्टात. कुंडी हातात घेतली की रोपवाली आधी मोगऱ्यालाच विचारायची, "क्या तकलीफ है तुझे?" आणि उत्तर ऐकल्यासारखी थांबायची. मला हसू यायचं.

यंदा कुंड्या आणायला गेलो तर समोर बुलडोझर. "साहब, एक बार हमारी सुन तो लो, अगले हफ्ते तारीख है," ती अधिकाऱ्याला विनवत होती. तो फोनमध्ये गुंग. मग तिनं आमच्या कुंड्या दाखवल्या. "ये सोसायटीवालों के हैं." त्यानं ताबडतोब मशीन थांबवलं. मला म्हणाला, "सर, आराम से ले जाइए."

मी केंद्र सरकारचा नोकर. सुनावणीआधी कुणाला असं उठवता येत नाही, एवढं मला कळतं. पण मी कुंड्या उचलल्या. फाटकाबाहेर पडलो आणि मशीन पुन्हा घरघरलं.

त्या घरघरीतून तिचा आवाज आला, "भैया, आज पानी मत देना! सुबह दे दिया है!"